द्वेषाचे दफ्तर

धरणाचा सांडवा किती रुंद ठेवायचा आणि नदीवरचा पूल किती उंच बांधायचा हे ठरवण्याआधी शंभर वर्षांतून एकदा येणारा पूर केवढा असेल याचा अंदाज अभियंत्यांना घ्यावा लागतो, आणि त्यासाठी वापरली जाणारी ‘गंबेल मेथड’ महाराष्ट्रातल्या स्थापत्य अभियांत्रिकीच्या विद्यार्थ्यांनाही जलविज्ञानाच्या अभ्यासात शिकावी लागते. ही पद्धत ज्यांच्या नावाने ओळखली जाते ते एमिल यूलियुस गुंबेल हे जर्मन संख्याशास्त्रज्ञ होते. पुरांच्या गणिताकडे वळण्यापूर्वी, ऐन तिशीत, त्यांनी आपल्या देशातले राजकीय खून मोजले होते. आणि अतिउजव्या हिंसेचा पुराव्यानिशी अभ्यास करणाऱ्या लेखनाची परंपरा सांगायची झाली, तर तिचा आरंभ त्यांच्या १९२१ आणि १९२२ मधल्या दोन लहानशा पुस्तकांपासून मानणे सर्वांत न्याय्य ठरेल.

‘अतिउजवे’ हा शब्द इथे परंपरा जपू पाहणाऱ्या किंवा खाजगी उद्योगाचा कैवार घेणाऱ्या सर्वसाधारण उजव्या पक्षांसाठी वापरलेला नाही. माणसे जन्मतःच उच्चनीच असतात, राष्ट्र हे एका रक्ताच्या लोकांचे असते, त्यात ‘परक्यां’ना जागा नसते आणि या समजुतीच्या आड येणारी संसद, न्यायालये व राज्यघटना मोडून काढणे हे पापच नव्हे, अशी धारणा बाळगणाऱ्यांना अभ्यासक अतिउजवे म्हणतात. पहिल्या महायुद्धात हरलेल्या जर्मनीत अशा धारणेला मोठी सुगी आली. नोव्हेंबर १९१८ मध्ये सम्राट पायउतार झाला, प्रजासत्ताक आले, आणि आघाडीवरून परतलेल्या, हातात बंदूक आहे पण काम नाही अशा सैनिकांच्या स्वयंसेवी टोळ्या उभ्या राहिल्या. त्यांना ‘फ्रायकोर’ म्हणत. डाव्यांचे उठाव मोडण्यासाठी नव्या सरकारने याच टोळ्यांचा आधार घेतला, आणि जानेवारी १९१९ मध्ये बर्लिनमध्ये रोझा लुक्सेंबुर्ग व कार्ल लीबक्नेश्ट यांचे, तर त्याच वर्षीच्या मे महिन्यात म्युनिकमध्ये कितीतरी जणांचे जे बळी गेले, ते बहुतांशी या टोळ्यांच्या आणि त्यांच्यासोबतच्या सैन्यतुकड्यांच्या हातून. म्युनिकमध्ये तर एका कॅथलिक मंडळाच्या बैठकीला जमलेले २१ कारागीर डावे बंडखोर समजून मारले गेले. अटकेतल्या माणसाला ठार करून ‘पळून जाताना गोळी घालावी लागली’ असा अहवाल लिहिण्याची रीत त्या काळात इतकी रूढ झाली होती की त्या शब्दांचा अर्थ सगळेच जाणत. मुंबईच्या वृत्तपत्रांतून चकमकींच्या बातम्या वाचलेल्या मराठी वाचकालाही तो फोड करून सांगायला नको.

गुंबेल यांनी या साऱ्याविरुद्ध जाहीरनामा काढला नाही. त्यांनी वृत्तपत्रांची कात्रणे, न्यायालयीन निकालपत्रे, आरोपपत्रे, वकिलांची टिपणे आणि मृतांच्या नातेवाइकांची निवेदने जमवली, प्रत्येक प्रकरणात मृताचे नाव, स्थळ, दिवस, मारणारा कोण आणि त्याचे पुढे काय झाले एवढेच नोंदले, ज्यांचा राजकीय हेतू सिद्ध होत नव्हता अशी प्रकरणे बाजूला काढली आणि उरलेल्यांचे कोष्टक मांडले. ‘राजकीय खुनांची चार वर्षे’ या १९२२ च्या पुस्तकातले ते कोष्टक आजही वाचणाऱ्याला अस्वस्थ करते. नोव्हेंबर १९१८ पासूनच्या काळात डाव्यांनी केलेले खून २२ आणि उजव्यांनी केलेले ३५४. डाव्यांच्या २२ पैकी १७ खुनांना पूर्ण शिक्षा झाली. उजव्यांच्या ३५४ पैकी ३२६ खून शिक्षेविना राहिले, २७ प्रकरणांत अर्धीमुर्धी शिक्षा झाली, पूर्ण शिक्षा एकाच प्रकरणात झाली. डाव्यांपैकी दहा जणांना देहदंड झाला, उजव्यांपैकी एकालाही नाही. एका खुनामागे सरासरी कैद पाहिली तर डाव्यांना १५ वर्षे आणि उजव्यांना चार महिने. याच कोष्टकात गुन्हा कबूल करूनही निर्दोष सुटलेल्यांचा एक रकाना आहे, त्यात उजव्या बाजूला २३ हा आकडा आहे. आणि त्याच्या जवळच गुन्हा कबूल करूनही बढती मिळालेल्यांचा रकाना आहे, त्यात तीन.

‘तीन’ या आकड्यात जेवढा राग आहे तेवढा शंभर पानांच्या निषेधात मावला नसता. प्रजासत्ताक आले तरी न्यायाधीश मात्र सम्राटाच्या काळातलेच राहिले होते, त्यांची सहानुभूती गणवेशाच्या बाजूने होती आणि उजव्या मारेकऱ्याचा हेतू त्यांना ‘देशभक्तीचा’ वाटत असे, हा निष्कर्ष गुंबेल यांना फार शब्द खर्च करून मांडावा लागला नाही, कारण तो कोष्टकाच्या दोन रकान्यांमधल्या अंतरातच होता. पहिल्या पुस्तकाच्या वेळी त्यांनी राज्ययंत्रणेपुढे सरळ पेच टाकला होता: हे खोटे असेल तर लेखकाला शिक्षा करा, खरे असेल तर मारेकऱ्यांना. सरकारने दोन्हीपैकी काहीच केले नाही. गुस्टाफ राडब्रुख या कायदेपंडिताने मात्र संसदेत हे पुस्तक पुढे करून उत्तर मागितले, पुढे ते स्वतः न्यायमंत्री झाले, आणि त्यांच्या खात्याने सुरू केलेल्या चौकशीतून जे टिपण १९२३ मध्ये तयार झाले त्यात गुंबेल यांचे म्हणणे मुख्यतः खरे ठरले. तोवर राडब्रुख पदावरून गेले होते आणि खर्चाचे कारण पुढे करून सरकारने ते टिपण छापले नाही. शेवटी गुंबेल यांनीच सरकारचा तो दस्तऐवज मिळवून १९२४ मध्ये प्रसिद्ध केला. सरकारी दफ्तरातले सत्य नागरिकाने स्वतः छापायचे, ही या अभ्यासशाखेची तेव्हापासूनची रीतच होऊन बसली आहे.

गुंबेल यांना त्याची किंमत चुकवावी लागली. हायडेलबर्ग विद्यापीठात ते शिकवत, तिथे नाझी विद्यार्थ्यांनी त्यांच्याविरुद्ध वर्षानुवर्षे दंगे केले, सहकारी प्राध्यापकांपैकी फारच थोडे त्यांच्या पाठीशी उभे राहिले आणि १९३२ मध्ये, म्हणजे हिटलर सत्तेवर येण्याच्याही आधी, विद्यापीठाने त्यांचा शिकवण्याचा अधिकार काढून घेतला. ऑगस्ट १९३३ मध्ये नाझी राजवटीने नागरिकत्व रद्द केलेल्या पहिल्या ३३ जणांच्या यादीत त्यांचे नाव होते. फ्रान्समार्गे १९४० मध्ये ते अमेरिकेत पोचले, तिथे त्यांनी टोकाच्या घटनांचे, म्हणजे क्वचितच पण भयंकर प्रमाणात घडणाऱ्या गोष्टींचे संख्याशास्त्र रचले आणि १९५८ मधल्या त्यावरच्या ग्रंथाने ते जगभरच्या अभियंत्यांना माहीत झाले. खुनांची पुस्तके मात्र दीर्घकाळ विस्मृतीत गेली.

गुंबेल यांच्या मोजणीचा काळ जून १९२२ मध्ये परराष्ट्रमंत्री वाल्टर राटेनाउ यांच्या खुनापाशी संपतो, आणि त्या खुनापाशीच अतिउजव्या हिंसेचा ज्यूद्वेषाशी असलेला सांधा स्पष्ट दिसतो. राटेनाउ ज्यू होते, उद्योगपती होते आणि १९०९ मध्ये एका लेखात त्यांनी युरोपच्या अर्थकारणाची सूत्रे एकमेकांना ओळखणाऱ्या सुमारे ३०० माणसांच्या हाती असल्याची तक्रार केली होती. मूठभर घराण्यांच्या मक्तेदारीवरची ती टीका होती, त्यात ज्यूंचा उल्लेखही नव्हता. पण मारेकऱ्यांचा साथीदार न्यायालयात उभा राहिला तेव्हा त्याने खुनाचे कारण दिले ते असे की, राटेनाउ हे जगावर गुप्तपणे राज्य करू पाहणाऱ्या ३०० ज्यू ‘वडीलधाऱ्यां’पैकी एक होते. राटेनाउ यांची तक्रारच त्यांचा कबुलीजबाब म्हणून वाचली गेली होती.

ज्यूद्वेष हा इतर वंशद्वेषांहून वेगळा का मानला जातो, याचे उत्तर या एका साक्षीत आहे. ख्रिस्ती युरोपात ज्यूंविषयीचा धार्मिक आकस शेकडो वर्षे होता, धर्मांतराने त्यातून सुटका होण्याची निदान तत्त्वतः सोय होती. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात त्याला वंशाचा मुलामा चढला आणि १८७९ मध्ये विल्हेल्म मार या जर्मन पत्रकाराने ज्यूविरोधाची संघटनाच काढली, तेव्हा ती सोयही संपली. बहुतेक वंशद्वेषांत समोरचा माणूस हलका, मागास, घाणेरडा ठरवला जातो. ज्यूद्वेषात तो तसा तर ठरतोच, शिवाय सर्वशक्तिमानही ठरतो: बँका त्याच्या, वृत्तपत्रे त्याची, क्रांतीही त्याचीच आणि भांडवलशाहीही त्याचीच. अशा शत्रूला मारणे हा स्वसंरक्षणाचा हक्क वाटू लागतो. मराठी वाचकाला ही कल्पना दूरची वाटणे साहजिक आहे, कारण कोकणातले बेने इस्रायल शनिवारी घाणा बंद ठेवणारे ‘शनवार तेली’ म्हणून गावगाड्यात सामावले होते आणि राजपूरकर, केहिमकर, दिवेकर अशी आडनावे लावणाऱ्या या शेजाऱ्यांवर जगाच्या कारस्थानाचा आळ कोणी घेतला नाही.

तो ‘वडीलधाऱ्यां’चा आळ ज्या पुस्तिकेतून आला ती ‘प्रोटोकॉल्स’ या नावाने कुप्रसिद्ध आहे. ज्यू पुढाऱ्यांनी जग ताब्यात घेण्यासाठी गुप्त बैठकांत केलेल्या भाषणांचे इतिवृत्त असा तिचा आव आहे. १९०३ मध्ये ती रशियातल्या एका वृत्तपत्रात आली, १९०५ मध्ये सेर्गेई निलुस याने ती पुस्तकात छापली, रशियन क्रांतीनंतर परागंदा झालेल्यांनी ती पश्चिमेकडे नेली आणि अमेरिकेत मोटारसम्राट हेन्री फोर्ड यांच्या मालकीच्या साप्ताहिकाने १९२० पासून तिचा मजकूर घरोघरी पोचवला. लंडनच्या ‘टाइम्स’नेदेखील मे १९२० मध्ये ही पुस्तिका खरी असेल काय, असा गंभीर चेहऱ्याने प्रश्न विचारला होता. पुढच्याच वर्षी त्याच वृत्तपत्राचे कॉन्स्टँटिनोपलमधले वार्ताहर फिलिप ग्रेव्ह्ज यांच्या हाती एक जुने फ्रेंच पुस्तक आले आणि उत्तर सापडले. मोरिस जोली या वकिलाने १८६४ मध्ये सम्राट तिसरा नेपोलियन याची टर उडवण्यासाठी मॅकियाव्हेली आणि मॉन्टेस्क्यू यांच्यातला नरकातला संवाद लिहिला होता. त्यात ज्यूंचा संबंधच नव्हता. ‘प्रोटोकॉल्स’चा सुमारे दोन पंचमांश मजकूर त्यातून उचललेला होता.

उचलेगिरी कशी पकडली जाते याचा एक नमुना मराठी वाचकाला विशेष रुचेल. जोलीचा मॅकियाव्हेली बढाई मारतो की त्याच्या ताब्यातल्या वृत्तपत्रांना विष्णूसारखे शंभर हात असतील. चतुर्भुज विष्णूला शंभर हात देण्याची चूक पॅरिसच्या वकिलाला माफ करता येईल. पण ‘प्रोटोकॉल्स’मधले तथाकथित ज्यू वडीलधारेही वृत्तपत्रांविषयी बोलताना नेमका विष्णूच आठवतात आणि त्याला नेमके शंभरच हात देतात. दोन स्वतंत्र माणसे एखादे सत्य सारखेच सांगू शकतात. पण एकच चूक, त्याच प्रसंगी आणि त्याच आकड्यासह दोघांकडून होणे जवळपास अशक्य. पाठभेदांवरून हस्तलिखितांची कुळी शोधणाऱ्या संशोधकांचे हे जुने हत्यार आहे. ग्रेव्ह्ज यांनी दोन्ही मजकूर शेजारी शेजारी छापून ते वृत्तपत्रात वापरले.

ऑगस्ट १९२१ मध्ये ग्रेव्ह्ज यांचे हे तीन लेख आले तेव्हा प्रकरण निकालात निघाले असे अनेकांना वाटले. तसे झाले नाही. फोर्ड यांनी १९२७ मध्ये माफी मागितली, स्वित्झर्लंडमधल्या बर्न शहरात ज्यू संघटनांनी पुस्तिका विकणाऱ्या अतिउजव्यांवर खटला भरला, मे १९३५ मध्ये न्यायाधीश वाल्टर मायर यांनी ती बनावट असल्याचा निर्वाळा दिला, आणि १९३७ मध्ये अपिलात शिक्षा रद्द झाली ती एवढ्याच कारणाने की संबंधित कायदा राजकीय पत्रकांना लागू पडत नव्हता. बनावटपणाविषयी शंका उरली नव्हती, तरी पुस्तिका खपतच राहिली, नाझी जर्मनीत तिच्या आवृत्त्या निघत राहिल्या आणि पार १९८८ मध्ये हमासच्या सनदेतही तिचा हवाला दिला गेला; ज्यूद्वेष हा एकट्या अतिउजव्यांचा मक्ता नाही याचा तो दाखलाच. तिच्या समर्थकांनी एक मजेदार पवित्रा घेतला: कागद बनावट असेल, पण त्यातले ‘आंतरिक सत्य’ खरे आहे. असे म्हणणाऱ्याला पुराव्याने हरवता येत नाही, कारण तो पुराव्यांच्या आखाड्यात उतरलेलाच नसतो. ब्रिटिश इतिहासकार नॉर्मन कोन यांनी १९६७ मध्ये या पुस्तिकेवर लिहिलेला ग्रंथ म्हणूनच महत्त्वाचा आहे. ती खोटी कशी, हे सांगून ते थांबले नाहीत. ती कोणत्या माणसांना, कोणत्या पराभवानंतर, कशासाठी हवीशी वाटली, हे त्यांनी विचारले. त्या ग्रंथापासून या विषयाचा अभ्यास बनावट कागदाकडून तो कवटाळणाऱ्या समाजाकडे वळला, असे म्हणता येईल.

या साऱ्या अभ्यासाला कच्चा माल लागतो आणि तो जमवणारे लोक इतिहासात बहुधा बिनचेहऱ्याचे राहतात. आल्फ्रेड वीनर हे त्याला अपवाद. अरबी भाषेचे पंडित, पहिल्या महायुद्धात शौर्यपदक मिळवलेले जर्मन सैनिक आणि ज्यू नागरिकांच्या हक्कांसाठी १८९३ पासून काम करणाऱ्या मध्यवर्ती संघटनेचे कार्यकर्ते असलेले वीनर यांनी १९१९ मध्येच, नाझी पक्षाचे नावही नसताना, ज्यूंच्या कत्तलीचा धोका समोर आहे असा इशारा देणारी पुस्तिका लिहिली होती. १९२०च्या दशकाच्या अखेरीपासून त्यांच्या पुढाकाराने बर्लिनमध्ये नाझींविषयीचे छापील साहित्य जमवले जाऊ लागले. त्यात थोर ग्रंथ थोडेच होते. सभांची हस्तपत्रके, स्थानिक पक्षपत्रांचे अंक, निवडणुकीची भित्तिपत्रके, गाण्यांची चोपडी, म्हणजे सभा संपल्यावर झाडूवाला गोळा करून फेकून देतो तो सगळा कचरा होता. पण एखाद्या पुढाऱ्याने राजधानीत काय सांगितले आणि खेड्यातल्या सभेत काय सांगितले यातला फरक अशा कचऱ्यातच सापडतो. १९३३ मध्ये वीनर यांना देश सोडावा लागला, बर्लिनमधला संग्रह हातचा गेला आणि त्यांनी ॲमस्टरडॅममध्ये नव्याने माहिती-केंद्र उभारले. बर्नच्या खटल्याला सामग्री पुरवण्यात या केंद्राचा वाटा होता.

नोव्हेंबर १९३८ मध्ये जर्मनीभर ज्यूंची प्रार्थनास्थळे जाळली गेली, दुकाने फोडली गेली आणि हजारो पुरुषांना छळछावण्यांत डांबले गेले, तेव्हा या केंद्राने जे केले ते आज तोंडी इतिहासाच्या अभ्यासकांना आदर्श वाटते. पळून आलेल्या माणसांच्या आणि पत्रांच्या आधारे काही आठवड्यांतच ३५० हून अधिक साक्षी टिपून घेण्यात आल्या. कोणाच्या घरातली कोणती वस्तू फोडली, पोलीस कुठे उभे होते, शेजारी काय म्हणाले, असा त्यांचा तपशील आहे. आठवणींवर नंतरच्या माहितीचा थर चढण्यापूर्वीच्या या नोंदी असल्याने त्यांचे मोल मोठे. पुढच्या वर्षी संग्रह लंडनला हलवला गेला आणि १ सप्टेंबर १९३९ रोजी, म्हणजे जर्मनीने पोलंडवर हल्ला केला त्याच दिवशी, तो तिथे खुला झाला. ब्रिटिश सरकारचे अधिकारी शत्रूविषयी माहिती हवी की या ‘डॉ. वीनर यांच्या लायब्ररी’त येत, आणि युद्धानंतर न्यूरेंबर्गच्या खटल्यांसाठीही तिचा उपयोग झाला. वीनर यांची पत्नी मार्गारेट आणि तीन मुली मात्र हॉलंडमध्ये अडकल्या होत्या. बेर्गन-बेल्झन छळछावणीतून जानेवारी १९४५ मध्ये कैद्यांच्या अदलाबदलीत त्या सुटल्या. मुली वाचल्या, मार्गारेट स्वित्झर्लंडमध्ये पाऊल ठेवताच उपासमारीने खंगून मरण पावल्या. वीनर लायब्ररी आजही लंडनमध्ये अभ्यासकांसाठी खुली आहे.

युद्धानंतर अतिउजव्यांपुढे एक नवे काम उभे राहिले: साठ लाख ज्यूंचा संहार झालाच नाही किंवा त्याची वर्णने फुगवलेली आहेत, असे सांगण्याचे. त्याला संहार-नकार म्हणतात, आणि तो अनेकदा तळटीपा, परिशिष्टे व अभिलेखागारांचे हवाले असा संशोधनाचा पोशाख घालून येतो. अमेरिकन इतिहासकार डेबोरा लिपस्टाट यांनी १९९३ मधल्या आपल्या पुस्तकात ब्रिटिश लेखक डेव्हिड अर्व्हिंग यांना अशा नकारवाद्यांत गणले, तेव्हा अर्व्हिंग यांनी लंडनमध्ये अब्रुनुकसानीचा दावा लावला. इंग्लंडच्या कायद्यात लिहिलेले खरे आहे हे सिद्ध करण्याचा बोजा लिहिणाऱ्यावर असतो. त्यामुळे बचावपक्षाने केंब्रिजचे इतिहासकार रिचर्ड एव्हन्स यांना तज्ज्ञ म्हणून नेमले आणि त्यांनी दोन सहायकांना घेऊन अर्व्हिंग यांच्या तळटीपांचा माग मूळ कागदांपर्यंत काढला. उदाहरण ड्रेस्डेनचे घेता येईल. फेब्रुवारी १९४५ मध्ये दोस्तांनी त्या शहरावर बॉम्बवर्षाव केला. त्यातल्या मृतांचा आकडा अर्व्हिंग यांनी २,०२,०४० असा सांगणाऱ्या एका कागदाच्या आधारे वाढवला होता. मूळ पोलीस-अहवालात तो आकडा २०,२०४ होता. प्रचारखात्याने शेवटी एक शून्य जोडले होते. जर्मनांचे मृत दसपट दाखवले की ज्यूंच्या संहाराचे पारडे आपोआप हलके होते, हे त्यामागचे गणित. एव्हन्स यांचा अहवाल सातशेहून अधिक पानांचा झाला, चुका दोन्ही दिशांना विखुरलेल्या नसून सगळ्या हिटलरच्या सोयीच्याच बाजूला झुकतात हे त्यातून दिसले, आणि ११ एप्रिल २००० रोजी न्यायमूर्ती चार्ल्स ग्रे यांनी अर्व्हिंग यांचा दावा फेटाळला.

गुंबेल यांचा प्रश्न, म्हणजे कोणता खून राजकीय धरायचा, हा तर आजच्या जर्मनीतही सुटलेला नाही. १९९० च्या एकीकरणानंतर स्थलांतरित, बेघर आणि डाव्या तरुणांवर हल्ले वाढले. पण २००१ पर्यंत पोलीस अशा खुनाला अतिउजवा तेव्हाच म्हणत, जेव्हा त्यामागे राज्यव्यवस्था उलथवण्याचा हेतू दिसे. दारूच्या नशेत एखाद्या बेघर माणसाला ‘निरुपयोगी’ म्हणून लाथांनी मारून टाकणारा तरुण त्या व्याख्येत बसत नव्हता. २००१ मध्ये व्याख्या बदलली, बळी का निवडला गेला हे पाहण्याचे ठरले, तरीही २०१० मध्ये ‘त्साइट’ आणि ‘टागेसश्पीगल’ या वृत्तपत्रांनी प्रकरणे एकेक करून तपासली तेव्हा एकीकरणानंतरच्या बळींचा त्यांचा आकडा १३७ निघाला आणि सरकारचा होता ४७.

पुढच्याच वर्षी या तफावतीचा अर्थ साऱ्या देशाला कळला. २००० ते २००६ या काळात तुर्की, कुर्दी आणि ग्रीक मूळ असलेल्या नऊ छोट्या व्यावसायिकांना एकाच पिस्तुलाने ठार करण्यात आले होते. पोलिसांनी तपासपथकाला ‘बोस्फोरस’ असे नाव दिले, मादक पदार्थांची टोळी, जुगार, कौटुंबिक वैर अशा वाटांनी वर्षानुवर्षे शोध घेतला आणि मृतांच्या बायकामुलांनाच संशयित म्हणून छळले. २००६ मध्ये या कुटुंबांनी कासेल शहरात मोर्चा काढून दहावा बळी पडू नये अशी मागणी केली. मोर्चा फार कोणी मनावर घेतला नाही. २००७ मध्ये एक पोलीस कर्मचारी मारली गेली. नोव्हेंबर २०११ मध्ये एका फसलेल्या बँक-दरोड्यानंतर उघड झाले की हे सारे ‘एनएसयू’ नावाच्या नवनाझी गटाचे काम होते, आणि त्याच महिन्यात गुप्तवार्ता खात्यात संबंधित फायली नष्ट करण्यात आल्याचेही पुढे बाहेर आले. म्युनिकमधला खटला जुलै २०१८ पर्यंत चालला. तिथे नागरिकांच्या एका गटाने सुनावणीचा दिवसागणिक वृत्तांत लिहून ठेवला. एरवी त्या साक्षींचा तपशीलवार अभिलेख अभ्यासकांना मिळणे कठीण होते, कारण जर्मन फौजदारी न्यायालयांत अशा खटल्यांचा शब्दशः वृत्तांत ठेवला जात नाही.

असे काम करणाऱ्यांचे दैनंदिन जगणे नीरस असते. सभांचे फोटो पाहून तोच चेहरा तीन शहरांत दिसतो का हे जुळवणे, संघटनेचे नाव बदलले की पदाधिकाऱ्यांची यादी जुन्या यादीशी ताडून पाहणे, छापखान्याचा पत्ता आणि देणगीचा खातेक्रमांक टिपणे, यात बहुतेक वेळ जातो. बर्लिनमध्ये १९९१ पासून असे एक स्वतंत्र अभिलेखागार चालते. धमक्या येतात, नवनाझींकडे सापडलेल्या ‘शत्रूंच्या यादीत’ पत्रकारांची नावे निघतात, आणि त्याहून कमी बोलली जाणारी अडचण म्हणजे रोज विष वाचून मनावर चढणारी पुटे. शिवाय लिहिताना दुहेरी पेच असतो. द्वेषाचा मजकूर जसाच्या तसा उद्धृत केला तर लेखच त्याचा भोंगा होतो. आणि झाकून, सौम्य करून सांगितला तर त्यातले भय वाचकाला कळत नाही.

या पेचातून निघण्याचा सर्वांत कसोशीचा प्रयत्न म्युनिकच्या समकालीन इतिहास संस्थेने केला. हिटलरच्या ‘माइन काम्फ’ या आत्मचरित्राचे हक्क बव्हेरिया राज्याकडे होते, ते २०१५ च्या अखेरीस संपले, आणि जानेवारी २०१६ मध्ये संस्थेने त्या पुस्तकाची सटीप आवृत्ती काढली. दोन खंड, सुमारे १,९५० पाने, ३,५०० हून अधिक टिपा. पानाच्या मधोमध हिटलरचा मजकूर आणि भोवतीने इतिहासकारांच्या टिपा अशी तिची मांडणी आहे: हे वाक्य अमुक पत्रकातून घेतले, हा प्रसंग असा घडलाच नव्हता, या धमकीचे १९४१ नंतर असे झाले. वर्षभरात तिच्या ८५,००० प्रती गेल्या, आणि संस्थेच्या म्हणण्यानुसार त्या घेणाऱ्यांत मुख्यतः इतिहास-राजकारणाचे वाचक आणि शिक्षक होते.

मुंबई-पुण्याच्या पदपथांवर आणि रेल्वे स्थानकांच्या बुकस्टॉलवर हेच पुस्तक इंग्रजीत आणि मराठी अनुवादात वर्षानुवर्षे विकले जाते, बहुधा यशस्वी माणसांची चरित्रे आणि व्यक्तिमत्त्व विकासाची पुस्तके यांच्या रांगेत, आणि त्याच्या पानांवर एकही टीप नसते. बंदी घालून हा प्रश्न सुटणार नाही आणि ती मागण्याचे कारणही नाही. पण ज्या भाषेत ज्ञानकोश आणि विश्वकोश सिद्ध झाले, ज्या भाषेत संहितांच्या चिकित्सेची विद्या शंभर वर्षे नांदते आहे, त्या भाषेत या पुस्तकाची एक सटीप, जाणत्या संपादकाने तयार केलेली आवृत्ती असू नये, हे मराठी प्रकाशनव्यवसायाला शोभणारे नाही. विद्यापीठांच्या इतिहास विभागांनी आणि एखाद्या धडाडीच्या प्रकाशकाने ते काम आता हाती घ्यावे.